नव्या शिवेला नारळ

त्या दिवशी रस्त्यावर कोण कोण होतं ते आधी सांगते. मागून कोणी म्हणायला नको की म्हातारीनं मनानं रचलं. माझी सासू होती. मी होते. पलीकडून चालत आलेली माझी आय होती. गवताच्या ट्रकचा डायवर होता, आपल्या डहाणूकडचाच. रस्त्याच्या कामावरचा मुकादम होता आणि खडी पसरणारे त्याचे गडी आणि बाया. आणि माझ्या पोटात होता तो. त्यालाही धरा, त्याच्यापायी तर सगळं.

मी शाळेत गेले नाय. मी बोलते, नात लिहिते.

आमचा पाडा आशागडच्या बाजूला. शेत म्हणजे नावापुरतं, पावसात भात, बाकी वर्षभर मजुरी. नवरा नरपडला चिकूच्या वाडीत कामाला. सासू आणि मी पळसाची पानं काढायचो. पहाटे रानात जायचं, पानं खुडायची, जुड्या बांधायच्या आणि डोक्यावरून रोडला न्यायच्या. रोड म्हणजे डहाणू रोड, स्टेशनचं गाव. स्टेशनातून बाजाराकडे रस्ता जातो तिथं एका शेठचं किराणा दुकान होतं, त्याच्या ओट्याखाली आमची जागा. पानं सगळ्यांना लागायची. हॉटेलवाल्याला भजी द्यायला लागायची, फुलवाल्याला फुलं बांधायला, मटणवाल्याला लागायची. रेल्वेच्या आणि कचेरीच्या लोकांच्या घरी सत्यनारायण असला की पत्रावळी लावून द्यायचो.

त्या रस्त्यावर बसून मी जग बघितलं. शेठ गुजरातीत बोलायचा, कचेरीतले मराठीत, आम्ही आपसात आमच्या बोलीत, नरपडच्या मासळीवाल्या त्यांच्या ठसक्यात. आणि एकच बाई सकाळपासून दुपारपर्यंत या सगळ्या बोली बोलायची. मीही बोलायची. आपण किती बोली बोलतो हे कधी मनात आलं नाय, तोंड उघडलं की समोरच्याची बोली यायची.

मंग ती वर्षं आली. मराठी-गुजराती राज्य वेगळं करा म्हणून मिरवणुका निघायला लागल्या. पोरं ओरडत जायची, शेठ दुकानाची फळी अर्धी ओढून आत बसायचा. मिरवणूक गेली की तीच पोरं परत यायची, "शेठ, गोळ्या द्या." शेठ फळी उघडून बरणी पुढं करायचा आणि म्हणायचा, "ओरडून घसा सुकला असेल ने? घे." मला त्याचं फार नवल वाटायचं. भांडण आहे की नाय तेच कळायचं नाय. आता वाटतं, होतं, पण ते मोठ्या लोकांचं होतं. रस्त्यावर त्याची नुसती सावली पडली होती.

राज्य वेगळं झालं त्या दिवशी तर रस्ता ओळखू येईना. आंब्याच्या पानांची तोरणं लावलेली. विजेच्या खांबाला पोंगा बांधला होता, त्यातून गाणी. भर उन्हात दिवे लावले होते, लाल, हिरवे. दिवसाउजेडी दिवे मी पहिल्यांदा बघितले. कोणीतरी येणाऱ्या-जाणाऱ्याच्या हातावर साखर ठेवत होतं, माझ्याही हातावर ठेवली. मी खाली बसलेली, चारी बाजूंनी माणसांचे पायच पाय. मला वाटत होतं, राज्य होतंय म्हणजे काहीतरी होताना दिसेल. मी मान वर करून आभाळाकडेसुद्धा बघितलं. आभाळ रोजचंच होतं. एवढी मोठी गोष्ट झाली आणि आवाज फक्त पोंग्याचा.

सासूची साखर चाटून झाली आणि ती म्हणाली, "शेठ, वेगळं झालं म्हणजे मधी शीव पडली ना?"

"पडली ने, डोशी." शेठ सासूला डोशीच म्हणायचा, त्याच्या बोलीत म्हातारी.

"कुठं पडली?"

"तलासरीच्या पुढे. अच्छाडकडे कुठेतरी."

"देव कोण तिथला?"

शेठचा तराजूवरचा हात थांबला.

हे का विचारलं ते सांगायला पाहिजे. आमच्याकडे प्रत्येक गावाच्या शिवेला देव असतो. वाघोबाचा दगड असतो, शेंदूर लावलेला, नायतर एखादं झाड. नवरी शीव ओलांडते तेव्हा त्याला नारळ. पोटुशी बाई ओलांडते तेव्हा नारळ, हळद-कुंकू, चिमूटभर तांदूळ. मान दिला नाय तर शीव बाईला जाऊ देते, पण पोटातलं ठेवून घेते, असं म्हणतात. आता तुम्ही हसाल. हसा. पण माझं पहिलं मूल गेलं होतं.

आदल्या पावसातली गोष्ट. बाळंतपणाला माहेरी जायचं ठरलं होतं आणि पाऊस लवकर लागला. नाले भरले, जाताच आलं नाय. एक दिवस पोटातलं हलायचं थांबलं. मंग सासरीच बाळंत झाले. रडला नाय. सासूनंच घरामागच्या मोहाखाली खड्डा करून ठेवला त्याला, मला उठू दिलं नाय. त्यावर आमच्यात कधी बोलणं झालं नाय. दोघी पानं काढायला जायचो.

म्हणून या खेपेला आयनं निरोप धाडला, पाऊस पडायच्या आत पोरीला माझ्याकडे आणा. माझं माहेर अच्छाडच्या पुढे, उंबरगावच्या बाजूला. इतकी वर्षं वाटेतल्या सगळ्या शिवा ठाऊक होत्या, कुठल्या देवाला काय लागतं तेही ठाऊक. आणि आता मधी एक नवीच शीव, दोन गावांची नाय, दोन राज्यांची. केवढी मोठी! तिचा देव केवढा असेल! आणि तो कोण ते कोणालाच ठाऊक नाय.

सासू म्हणाली, "देव कळल्याबिगर मी हिला न्यायची नाय."

मंग तिनं रस्त्यालाच विचारायला सुरुवात केली. रोज पानं विकता विकता एकेकाला धरायची.

चहावाला म्हणाला, "देव कसला आजी, तिथं आता पोलीस बसेल."

"पोलिसाला कोंबडं लागतं," सासू म्हणाली, "नारळावर भागत नाय."

चहावाला इतका हसला की त्याच्या हातातल्या बशीतला चहा सांडला.

कचेरीच्या चाळीत एक मास्तरीणबाई राहायच्या, मायाळू बाई. पत्रावळी आमच्याकडूनच घ्यायच्या. त्यांना विचारलं तर म्हणाल्या, "अहो आजी, ही शीव नकाशावर असते. जमिनीवर दिसत नाही."

"मंग नकाशाला नारळ फोडू?"

बाई हसल्या, पण मंग माझ्या पोटाकडे बघितलं आणि हसायच्या थांबल्या. आत जाऊन एक जुनं मऊ लुगडं आणून दिलं, म्हणाल्या, "बाळाला गुंडाळायला होईल." देवाचं त्यांना ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक नाय असं त्यांनी सरळ सांगितलं. तेही मला मोठं वाटलं.

दिवस चालले. माझं पोट खाली उतरायला लागलं. पश्चिमेला ढग दिसायला लागले. मी काय बोलणार? मोठ्यांपुढं बोलायची रीत नव्हती. रात्री नवरा म्हणाला, "आईला मी सांगू का?" मी म्हटलं, "नको. ती हट्टानं नाय करत." तो वाडीत कामाला, एक दिवस खाडा केला तर दुसऱ्याला घेत. तो येऊ शकत नव्हता.

शेवटी शेठनंच तोडगा काढला. एके सकाळी आम्ही बसलो तर ओट्यावरून खाली आला. शेठ कधी खाली यायचा नाय, वरूनच बोलायचा. हातात दोन नारळ, मोठे, शेंडीवाले.

"डोशी, देव कोण ते मला ठाऊक नाय. पण शीव आहे तर देव असणारच. जाऊन बघ. जिथं दिसेल तिथं एक नारळ ह्या बेनच्या नावानं फोड."

"आणि दुसरा?"

"माझी पोरगी वापीला दिलीय. ती पण त्याच शिवेच्या पलीकडे गेली. तिच्या नावानं."

सासू शेठला एरवी घालून पाडून बोलायची, तो कसा पानं मोजून घेतो, कसा चिमटीनं साखर देतो. त्या दिवशी मात्र दोन्ही नारळ पदरात घेतले आणि म्हणाली, "उद्या जातो."

दुसऱ्या दिवशी यष्टीनं तलासरीला गेलो. तिथून पुढे गाडी नव्हती. गवताच्या गाठी भरलेला एक ट्रक उभा होता, डायवर म्हणाला, "अच्छाडपर्यंत नेतो, पण बाईला पुढे बसवा, गाठींवर नको." म्हणून मी आणि सासू त्याच्या शेजारी बसलो. ट्रकात मी पहिल्यांदाच बसले. रस्ता समोरून अंगावर धावून येतो आणि पोटाखालून निघून जातो, असं वाटलं. एरवी मला मजा वाटली असती.

पण सकाळपासून पोटातलं हललं नव्हतं.

पहाटे उठले तेव्हापासून. आधी वाटलं झोपलं असेल. यष्टीत वाटलं धक्क्यांनी गप्प झालं असेल. मंग काही वाटून घ्यायचं बंद केलं. हात तिथंच ठेवून बसले. सासूला सांगितलं नाय. सांगून ती काय करणार होती? डायवर काहीबाही बोलत होता, "मावशी, आता हितून पुढे गेलात की परदेशी होणार तुम्ही," आणि सासू त्याला म्हणत होती, "तू रोज जातोस, तू कुठला मंग?" तो म्हणाला, "मी गवताचा." मला सगळं लांबून ऐकू येत होतं.

अच्छाडच्या अलीकडे सासू एकदम ओरडली, "थांब! थांब!"

रस्त्याच्या कडेला दगड उभा होता. गुडघ्याएवढा, गोल डोक्याचा, पांढरा फटफटीत. डोकं पिवळंधमक. अंगावर काळ्या रंगानं काहीतरी काढलेलं.

"हळद लावलीय," सासू म्हणाली. तिचा आवाज बारीक झाला होता. "बघ, कोणीतरी पूजा केलीय. हाच."

आम्ही उतरलो. सासूनं पायातल्या वहाणा काढल्या, मलाही काढायला लावल्या. डांबर तापलेलं होतं, पाय पोळत होते. तिनं दगडाला पाणी घातलं, कुंकू लावलं, तांदूळ ठेवले. मंग हात जोडून म्हणाली, "आम्हाला तुझं नाव ठाऊक नाय. तू नवा हायस. तुझी जागा मोठी हाय. आम्ही लहान माणसं. ही माझी सून. हिचं एक गेलंय. हे दुसरं हाय. एवढं जाऊ दे." आणि नारळ फोडला.

मी तिला असं बोलताना कधी ऐकलं नव्हतं. मोहाखाली खड्डा केला तेव्हाही ती काही बोलली नव्हती.

पुढे रस्त्याचं काम चालू होतं. खडीचे ढीग, डांबराची पिंपं, धूर. तिथून मुकादम आला. काळा, उंच माणूस, डोक्याला टॉवेल गुंडाळलेला. त्यानं दगडाकडे बघितलं, आमच्याकडे बघितलं.

"मावशे, काय करताय?"

"शिवेला मान दिला."

मुकादमानं टॉवेल सोडून परत बांधला. कसं सांगावं याचा विचार करत असणार. "हा मैलाचा दगड हाय गं. किती मैल झाले ते लिहिलंय. पिवळा रंग आमीच मारलाय."

मी सासूकडे बघितलं नाय. मला तिच्याकडे बघवलं नसतं.

"शीव कुठं मंग?" ती म्हणाली.

"पुढं. कोणी म्हणतं त्या नाल्याशी. कोणी म्हणतं त्याच्या पुढं. साहेब मोजायला येणार हाय. अजून खुंट कुठं ठोकलाय?"

तेवढ्यात पुढून माझी आय येताना दिसली. डोक्यावर टोपली, पदर खोचलेला, धुळीनं पांढरी झालेली. आदल्या दिवशी एका ट्रकवाल्याकडून निरोप धाडला होता, मला न्यायला शिवेपर्यंत ती येणार असं ठरलं होतं. आली ती थेट माझ्याकडे, माझी हनुवटी धरली, मंग सासूकडे वळून म्हणाली, "विहीणबाय, तुम्ही काय काळजी करू नका. मी देऊन आले."

"काय देऊन आलात?"

"शिवेचा मान. तिकडं वळणावर चिंचेखाली दगड हाय मोठा. तिथं नारळ फोडला."

"तिथं कुठली शीव?" सासू म्हणाली. "शीव हितं हाय."

"हा? हा तर सडकेचा दगड. आमच्याकडची पोरं यावर बसतात."

"बसत असतील तुमच्याकडची. आमच्याकडं दगडावर बसायची रीत नाय."

"आणि आमच्याकडं डोळे उघडे ठेवून पूजा करायची रीत हाय."

खडी पसरणाऱ्या बाया काम टाकून हसायला लागल्या. एक म्हणाली, "मुकादम, साहेबाला सांगा यायला नको. ह्या दोघी मोजून देतात." मुकादमही हसला. मी हसले नाय. मला घेरी आली. मी खाली बसले, मैलाच्या दगडालाच पाठ लावून.

मंग भांडण थांबलं. आयनं मला सावलीत नेलं, एक बाभूळ होती. कोणीतरी मडक्यातलं गार पाणी आणलं. सासूनं आमच्या नारळाचं खोबरं काढून माझ्या हातात दिलं, आयनं टोपलीतून तिच्या नारळाचं काढलं आणि गुळाचा खडा दिला. दोन्ही देवांचा प्रसाद, दोन्ही खा, म्हणाल्या. मी खाल्लं. कुशीवर निजले.

सासू माझ्याशेजारी बसली आणि कानाशी म्हणाली, "सकाळपासनं हात तिथंच हाय तुझा. मला दिसत नाय काय?"

तिला ठाऊक होतं. यष्टीत ठाऊक होतं, ट्रकात डायवरची मस्करी करत होती तेव्हाही ठाऊक होतं. आणि मला वाटत होतं मी तिला सांभाळतेय.

तिनं माझा हात बाजूला करून स्वतःचा ठेवला. तिचा तळवा पानं खुडून खुडून करवतीसारखा झालेला. डांबराचं पिंप खदखदत होतं तेवढाच आवाज. किती वेळ गेला मला सांगता येणार नाय. आणि मंग आतून लाथ बसली, एवढी जोरात की सासूचा हात उडाला.

"विहीणबाय," ती म्हणाली, "हलतोय."

आयनंही पोटावर हात ठेवला.

मी रडले नाय. कोणीच रडलं नाय. पण मी वर बघितलं तेव्हा त्या खडी पसरणाऱ्या बाया घमेली खाली ठेवून उभ्या होत्या, गडी फावडी टेकून उभे होते, डायवरनं इंजिन बंद केलं होतं. त्यांतलं कोण हिकडचं, कोण तिकडचं, मला ठाऊक नाय. सगळ्यांची तोंडं काळी, धुळीची, आणि सगळी आमच्याकडे बघणारी. त्या दिवशी साखर वाटली, दिवे लावले, तेव्हा मला जे दिसलं नव्हतं, ते हितं काहीतरी दिसलं. त्याला काय म्हणायचं मला ठाऊक नाय.

उठल्यावर सासूनं शेठचा नारळ काढला आणि मुकादमाच्या हातात दिला. "तुझा साहेब येऊन खुंट ठोकेल त्या दिवशी हा फोड. शेठच्या पोरीच्या नावानं. ती वापीला हाय."

"नाव काय तिचं?"

सासूनं माझ्याकडे बघितलं. आम्हाला ठाऊक नव्हतं, शेठनं सांगितलंच नव्हतं. "शेठची पोरगी म्हण," ती म्हणाली. "देवाला कळेल." मुकादमानं नारळ कपाळाला लावला आणि टॉवेलात बांधून ठेवला.

रीत अशी की सासूनं शिवेपर्यंत यायचं आणि तिथून मागं फिरायचं. पण शीव कुठं तेच ठाऊक नाय, मंग फिरायचं कुठून? ती म्हणाली, "तुझ्या आयच्या दगडापर्यंत येते." म्हणजे तिच्या दगडापासून आयच्या दगडापर्यंत, मधी कुठंतरी ती शीव असणारच. आम्ही तिघी चाललो. एका बाजूला आय, एका बाजूला सासू, दोघींनी माझे हात धरलेले. सासूनं माझा हात धरला तो पहिल्यांदा. मागून गवताचा ट्रक हळूहळू येत होता, भोंगा न वाजवता, आणि त्याच्या मागं दुसरे दोन ट्रक थांबत थांबत. नाला आला, गेला. रस्ता तसाच होता, माती तशीच, करवंदीची जाळी दोन्हीकडे सारखी. मी पायाखाली बघत चालले होते, एवढी मोठी शीव पायाला कळेल म्हणून. कळली नाय. पोटात मात्र तो फिरत होता.

चिंचेखाली सासूनं आयच्या दगडालाही हात जोडले. मंग माझ्याकडे न बघता म्हणाली, "जा आता," आणि डायवरला परत जाणारा ट्रक विचारायला गेली.

माहेरी बाळंत झाले. मुलगा झाला, रडला, गावभर ऐकू जाईल असा. पाऊस सरल्यावर त्याला घेऊन आले तेव्हा तिथं बांबूचा एक अडसर आणि एक तंबू होता, आतला माणूस झोपला होता. त्यानं काही विचारलं नाय.

रोडला परत बसायला लागले. पोराला शेठच्या ओट्याच्या खांबाला झोळी बांधून टाकायचो. रस्त्यावरच्या पाट्या एकेक करून मराठीत रंगवत होते, शिडीवर पेंटर, खाली आम्ही, त्याच्या रंगाचे थेंब पानांवर. गुजराती शाळेची घंटा वाजायचीच, मराठी शाळेचीही. शेठनं पहिल्या दिवशी झोळीत वाकून बघितलं, म्हणाला, "कोणावर गेला?" सासू म्हणाली, "रस्त्यावर." पोराची दृष्ट काढायला तिनं शेठकडून मीठ-मोहरी मागून घेतली, आणि शेठनं दिली.

नंतर पुष्कळ सोसलं. पळसाचं रान गेलं, नवरा गेला, सासू गेली. ज्याच्यासाठी एवढं केलं तो आता माझ्यापेक्षा थकलेला दिसतो. आता त्या रस्त्याला मोठमोठी चौकी आहे, रात्रंदिवस ट्रक आहेत, ढाबे आहेत, गाड्या अशा जातात की बघितलं तर फक्त वारा दिसतो. आणि अजून आमच्या पाड्यातल्या पोटुशा पोरी त्या रस्त्यानं कडेकडेनं चालत माहेरी जातात. त्यांच्यासाठी कोणी थांबत नाय.

वाचणाऱ्याला माझं एकच सांगणं. अच्छाडकडून जाताना एखादी तशी बाई चालत दिसली तर गाडी उभी करा. पुढे बसवा, मागे नको. प्यायला पाणी द्या, आणि काही गोड असलं तर तेही द्या.